इंग्रजीतलं अरे-तुरे कुठे गेलं?

शिपायालाही ‘यू’ आणि साहेबालाही ‘यू’, म्हणून इंग्रजी ही मोठी समतावादी भाषा, असं आपल्याकडे अनेकांना वाटतं. पण या ‘यू’चं कूळ शोधत गेलं तर तो समतेच्या नव्हे, मानपानाच्या घरात वाढलेला दिसतो. जुन्या इंग्रजीत एकाला ‘दाऊ’ आणि अनेकांना ‘ये’ असा निव्वळ वचनाचा भेद होता. ‘यू’ हे ‘ये’चंच कर्मरूप. 1066 साली नॉर्मनांनी इंग्लंड जिंकलं, दरबारात फ्रेंच आली आणि वरिष्ठाला अनेकवचनात बोलण्याची तिची रीत तेराव्या शतकापासून इंग्रजीतही उतरली. मालक नोकराला ‘दाऊ’ म्हणे, नोकर मालकाला ‘यू’.

हा भेद किती बोचरा होता, ते 1603 सालच्या वॉल्टर रॅलेवरच्या राजद्रोहाच्या खटल्यात दिसतं. सरकारी वकील एडवर्ड कोकने भर न्यायालयात या सरदाराला ‘दाऊ’ म्हटलं, वर आपण त्याला अरे-तुरे करतो आहोत हेही बजावलं. अशा समाजात चुकून ‘दाऊ’ म्हणणं महागात पडे. शहरांत व्यापारावर गबर झालेली माणसं वाढली, समोरच्याची पायरी कपड्यांवरून ओळखू येईना, तेव्हा सरसकट अहो-जाहो करणं हाच शहाणपणा ठरला. खऱ्या समतावाद्यांनी तर उलटी वाट धरली होती. क्वेकर पंथाचे लोक 1650च्या दशकात न्यायाधीशालाही ‘दाऊ’ म्हणत, त्याच्यापुढे टोपी काढत नसत आणि त्यापायी मार खात, तुरुंगात जात. समतेचा शब्द हरला, अदबीचा जिंकला.

यावर कुणी म्हणेल, व्यापारी आणि शहरं फ्रान्स-जर्मनीतही होती, मग तिथे ‘तू’ कसा टिकला? फ्रान्समध्ये तर क्रांतिकारकांनी 1793 साली सर्वांना ‘तू’च म्हणण्याचा आग्रह धरला, पण तो आग्रह टिकला नाही. आक्षेप रास्त आहे; समाज एकटा व्याकरण बदलत नाही. इंग्रजी क्रियापदांचे प्रत्यय आधीच झिजत होते. ‘दाऊ’सोबत क्रियापदाला ‘स्ट’ जोडावा लागे, ‘यू’सोबत काहीच नाही. दिशा समाजाने दिली, वाट व्याकरणाने सोपी केली. यॉर्कशरच्या बोलीत मात्र ‘दा’ घरगुती जिव्हाळ्याने पुढेही नांदत राहिला.

मग निदान परिणाम तरी समतेचा झाला ना? तसंही नाही. सर्वनामातला मान ‘सर’, ‘मिस्टर’, ‘माय लॉर्ड’ या संबोधनांत आणि कुणाला पहिल्या नावाने, कुणाला आडनावाने हाक मारायची या संकेतांत जाऊन बसला. 1611च्या बायबलमध्ये ‘दाऊ’ राहिल्याने आज तोच उलट भारदस्त, देवाघरचा शब्द वाटतो. खरं नुकसान वचनाचं झालं. एक की अनेक हे ‘यू’तून कळेना, म्हणून अमेरिकेच्या दक्षिणेत ‘यॉल’, आयर्लंडमध्ये ‘यूज’ अशी नवी अनेकवचनं घडवावी लागली.