रिचर्ड्स, लॉइड

(२९ जून १९१९ – २९ जून २००६). अमेरिकन नाट्यदिग्दर्शक, नट आणि नाट्यशिक्षक. पूर्ण नाव लॉइड जॉर्ज रिचर्ड्स. लॉरेन हॅन्सबेरी यांचे ‘अ रेझिन इन द सन’ हे नाटक १९५९ मध्ये ब्रॉडवेवर आणणारे आणि पंचवीस वर्षांनी ऑगस्ट विल्सन या तोवर जवळजवळ अनोळखी नाटककाराला त्याच रंगभूमीवर उभे करणारे दिग्दर्शक म्हणून ते ओळखले जातात. या दोन टप्प्यांच्या मधल्या काळात त्यांच्या नावावर ब्रॉडवेवरचे एकही मोठे यश नाही. तरीही विसाव्या शतकाच्या उत्तरार्धातील अमेरिकन रंगभूमीचा इतिहास त्यांना वगळून लिहिता येत नाही. नवे नाटक कागदावर उतरल्यापासून त्याचा व्यावसायिक प्रयोग होईपर्यंत त्याची जोपासना कशी करावी, याची एक रीत त्यांनी घालून दिली आणि ती तीस वर्षे चालवून दाखवली.

रिचर्ड्स यांचा जन्म कॅनडातील टोराँटो येथे झाला. आईवडील मूळचे जमैकाचे. वडील सुतारकाम करत आणि कृष्णवर्णीयांचे नेते मार्कस गार्वी यांचे अनुयायी होते. मोटार कारखान्यांत काम मिळते म्हणून कुटुंब अमेरिकेतील डेट्रॉइट शहरात आले. लॉइड नऊ वर्षांचे असताना वडील वारले. पुढे काही वर्षांनी आईची दृष्टी गेली. महामंदीच्या त्या काळात लॉइड आणि त्यांचे थोरले बंधू यांनी मिळेल ते काम करून घर चालवले. केशकर्तनालयात झाडलोट करणे, गिऱ्हाइकांच्या बुटांना पॉलिश करणे ही कामेही त्यांत होती. वेन विद्यापीठात त्यांनी प्रवेश घेतला तो वकील होण्याच्या विचाराने. तेथे नाटक आणि नभोवाणीची गोडी लागली आणि कायदा मागे पडला. दुसऱ्या महायुद्धात ते सैन्याच्या हवाई दलात दाखल झाले. कृष्णवर्णीय लढाऊ वैमानिकांच्या पहिल्या तुकडीबरोबर त्यांचे प्रशिक्षण सुरू असतानाच युद्ध संपले. डेट्रॉइटला परतल्यावर त्यांनी समाजसेवा खात्यात नोकरी धरली, नभोवाणीवर कार्यक्रम केले आणि मित्रांबरोबर हौशी नाट्यमंडळी उभी केली.

१९४७ मध्ये ते न्यूयॉर्कला गेले. त्या काळी कृष्णवर्णीय नटाच्या वाट्याला बहुधा नोकर, हमाल किंवा द्वारपाल एवढ्याच भूमिका येत. रिचर्ड्स यांनी उपाहारगृहात वाढप्याचे काम करत नभोवाणी, दूरचित्रवाणी आणि छोट्या नाट्यगृहांतून कामे मिळवली. ब्रॉडवेवर ‘फ्रेट’ (१९५०) आणि ‘द एगहेड’ (१९५७) या नाटकांत त्यांनी भूमिका केल्या. नट म्हणून त्यांना नाव मिळाले नाही, पण पॉल मान यांच्या अभिनय कार्यशाळेत आधी विद्यार्थी आणि मग शिक्षक म्हणून घालवलेली वर्षे निर्णायक ठरली. तेथे त्यांच्या हाताखाली शिकणाऱ्यांत सिडनी पॉटिए होते. दोघांचेही दिवस तेव्हा ओढगस्तीचे होते. आपल्याला कधी मोठे नाटक मिळाले तर दिग्दर्शनासाठी तुमचेच नाव सुचवीन, असा शब्द पॉटिए यांनी दिला होता. काही वर्षांनी त्यांनी तो पाळला.

ते नाटक म्हणजे ‘अ रेझिन इन द सन’. शिकागोच्या दक्षिण भागातील यंगर कुटुंब, वडिलांच्या मृत्यूनंतर येणारा विम्याचा दहा हजार डॉलरचा धनादेश आणि त्या पैशांवरून आई, मुलगा आणि मुलगी यांच्यात होणारी ओढाताण, एवढेच त्याचे कथानक. निर्माते फिलिप रोझ यांचे हे पहिलेच नाटक. लेखिका तिशीच्या आतली आणि नवखी, दिग्दर्शकाचेही ब्रॉडवेवर हे पहिलेच काम, आणि एक पात्र सोडले तर सगळी मंडळी कृष्णवर्णीय. अशा नाटकात पैसे घालायला कोणी चटकन पुढे येईना. भांडवल उभे करण्यात वर्षाहून अधिक काळ गेला. तालमी सुरू झाल्या तेव्हाही ब्रॉडवेवरचे एकही नाट्यगृह हाती नव्हते. न्यू हेवन, फिलाडेल्फिया आणि शिकागो येथील प्रयोगांना गर्दी झाली, तेव्हा कुठे न्यूयॉर्कचे दार उघडले.

११ मार्च १९५९ रोजी एथेल बॅरीमोर नाट्यगृहात पहिला प्रयोग झाला. पडदा पडल्यावर टाळ्या थांबेनात. पॉटिए रंगमंचावरून खाली उतरले आणि प्रेक्षकांत बसलेल्या हॅन्सबेरी यांना हाताला धरून वर घेऊन आले. कृष्णवर्णीय स्त्रीने लिहिलेले ब्रॉडवेवरचे हे पहिले नाटक. आधुनिक ब्रॉडवेवरचे पहिले कृष्णवर्णीय दिग्दर्शक म्हणून रिचर्ड्स यांची नोंद झाली, तीही याच नाटकामुळे. त्याचे ५३० प्रयोग झाले आणि न्यूयॉर्कच्या नाट्यसमीक्षक मंडळाचा त्या वर्षीचा सर्वोत्कृष्ट नाटकाचा पुरस्कारही त्याला मिळाला.

पडद्यामागे सारे सुरळीत नव्हते. हे नाटक आईचे की मुलाचे, यावरून तालमींत वाद होता. आईची भूमिका क्लॉडिया मॅक्नील करत होत्या, मुलाची पॉटिए. नाटकाचा तोल मुलाकडे झुकला पाहिजे, असे पॉटिए यांचे मत होते. हॅन्सबेरी यांना ते मान्य नव्हते. रिचर्ड्स यांनी कुणा एकाच्या बाजूने निकाल न देता दोघांमधला ताण प्रयोगात तसाच राहू दिला. लांबी आटोक्यात ठेवण्यासाठी शेजारणीचा एक अख्खा प्रवेश त्या वेळी गाळावा लागला. पुढच्या आवृत्त्यांत आणि पुनरुज्जीवित प्रयोगांत तो परत आला.

या यशानंतर रिचर्ड्स यांच्याकडे कामांची रीघ लागायला हवी होती. तसे झाले नाही. ‘द लाँग ड्रीम’ (१९६०) काही दिवसांत बंद पडले. ‘आय हॅड अ बॉल’ (१९६४) हे संगीत नाटक बऱ्यापैकी चालले. ‘द यर्लिंग’ (१९६५) तर तीन प्रयोगांतच उतरवावे लागले. ब्रॉडवेवर दिग्दर्शकाची पत शेवटच्या नाटकावर ठरते, आणि कृष्णवर्णीय दिग्दर्शकाला दुसरी संधी आणखीच उशिरा मिळे. रिचर्ड्स शिकवण्याकडे वळले. हंटर महाविद्यालय आणि न्यूयॉर्क विद्यापीठ येथे त्यांनी अभिनय शिकवला. १९७८ मध्ये जेम्स अर्ल जोन्स यांना घेऊन कृष्णवर्णीय गायक-नट पॉल रोबसन यांच्या जीवनावरील ‘पॉल रोबसन’ हे नाटक त्यांनी ब्रॉडवेवर केले. रोबसन यांचे चित्रण सौम्य आणि अपुरे असल्याच्या आक्षेपावरून ते वादात सापडले. गुलामीत सापडलेल्या एका घराण्याची कथा सांगणाऱ्या ‘रूट्स’ या गाजलेल्या दूरचित्रवाणी मालिकेच्या पुढील भागांपैकी एका भागाचे दिग्दर्शनही त्यांनी केले.

त्यांचे खरे काम या काळात कनेक्टिकट राज्यातील वॉटरफर्ड या समुद्रकाठच्या गावी सुरू झाले होते. जॉर्ज व्हाइट यांनी १९६४ मध्ये तेथे यूजीन ओनील नाट्यकेंद्र स्थापले. त्या केंद्राच्या राष्ट्रीय नाटककार परिषदेची कलासंचालकपदाची सूत्रे १९६८ मध्ये रिचर्ड्स यांच्याकडे आली आणि १९९९ पर्यंत त्यांच्याकडेच राहिली. देशभरातून दरवर्षी हजाराहून अधिक संहिता येत. त्यांतून डझनभर निवडल्या जात आणि त्यांचे लेखक उन्हाळ्यात काही आठवडे केंद्रात मुक्कामाला येत. प्रत्येक नाटकाला दिग्दर्शक, नट आणि संहितेवर बोलायला एक जाणता सल्लागार मिळे. तालमी मोजक्या दिवसांच्या. नट संहिता हातात धरूनच प्रेक्षकांसमोर उभे राहत. नेपथ्य म्हणजे हव्या त्या नाटकाला जुळवून घेता येतील असे ठोकळे आणि चौकटी, वेशभूषा जवळजवळ नाहीच. पहिल्या वाचनानंतर लेखक रात्रीतून पाने बदले आणि पुढच्या वाचनाला नट ती नवी पाने घेऊन उभे राहत. नंतर सगळ्यांसमोर चर्चा होई.

या पद्धतीचा रोख उघड होता. प्रयोग झळकवण्यापेक्षा लेखकाला त्याचे नाटक कानाने ऐकवणे हा येथला उद्देश होता. वेंडी वॉसरस्टाइन, डेव्हिड हेन्री ह्वांग, ली ब्लेसिंग असे पुढे नावारूपाला आलेले नाटककार येथून गेले. दारे परदेशी लेखकांनाही उघडी होती: डेरेक वॉलकॉट यांचे ‘ड्रीम ऑन मंकी माउंटन’ १९६९ मध्ये वॉटरफर्डला सादर झाले आणि वोले सोयिंका यांच्या ‘मॅडमेन अँड स्पेशालिस्ट्स’चा पहिला प्रयोग १९७० मध्ये तेथेच झाला. दोघांनाही पुढे साहित्याचे नोबेल पारितोषिक मिळाले.

१९७९ मध्ये येल विद्यापीठाचे अध्यक्ष बार्टलेट जियामाटी यांनी रिचर्ड्स यांना येल नाट्यशाळेचे अधिष्ठाता आणि तिला जोडलेल्या येल रेपर्टरी थिएटर या व्यावसायिक नाट्यसंस्थेचे कलासंचालक नेमले. या शाळेचे ते पहिले कृष्णवर्णीय अधिष्ठाता. १९९१ पर्यंत त्यांनी ही दोन्ही पदे सांभाळली. दक्षिण आफ्रिकेतील वर्णभेदावर बोट ठेवणाऱ्या अथोल फुगार्ड यांच्या ‘मास्टर हॅरल्ड अँड द बॉइज’चा जगातला पहिला प्रयोग १९८२ मध्ये येल रेपर्टरीत झाला, दिग्दर्शन स्वतः फुगार्ड यांचे. अँजेला बॅसेट, चार्ल्स डटन, जॉन टर्टुरो आणि कोर्टनी व्हान्स हे नट याच काळात शाळेतून बाहेर पडले.

१९८२ मध्येच वॉटरफर्डला आलेल्या संहितांच्या ढिगात ‘मा रेनीज ब्लॅक बॉटम’ हे नाटक होते. लेखक पिट्सबर्गचे ऑगस्ट विल्सन. शाळा अर्ध्यावर सोडलेला हा कवी, त्याची आधीची नाटके याच परिषदेने परत पाठवली होती. नाटक १९२७ मधल्या शिकागोतील एका ध्वनिमुद्रण कक्षात घडते: गायिका मा रेनी, तिचे वादक आणि त्यांच्या आवाजाचा व्यापार करणारे गोरे मालक. बांधणी सैल होती, पण वादकांच्या गप्पांतली भाषा रिचर्ड्स यांना ओळखीची वाटली. डेट्रॉइटच्या केशकर्तनालयात लहानपणी तीच त्यांनी ऐकली होती. १९८४ मध्ये त्यांनी हे नाटक येलला बसवले आणि त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये ब्रॉडवेच्या कोर्ट नाट्यगृहात आणले.

पुढील बारा वर्षांत रिचर्ड्स यांनी विल्सन यांची सहा नाटके ब्रॉडवेवर दिग्दर्शित केली: ‘मा रेनीज ब्लॅक बॉटम’ (१९८४), ‘फेन्सेस’ (१९८७), ‘जो टर्नर्स कम अँड गॉन’ (१९८८), ‘द पियानो लेसन’ (१९९०), ‘टू ट्रेन्स रनिंग’ (१९९२) आणि ‘सेव्हन गिटार्स’ (१९९६). यांतली पहिली पाच आधी येलला झाली. विसाव्या शतकातील प्रत्येक दशकावर एक, अशा दहा नाटकांचा संकल्प विल्सन यांनी सोडला होता. त्याचा निम्म्याहून अधिक भाग रिचर्ड्स यांच्या हातून रंगमंचावर आला.

‘फेन्सेस’चा नायक ट्रॉय मॅक्सन एके काळी कृष्णवर्णीयांच्या बेसबॉल संघातला खेळाडू, आता पिट्सबर्गमध्ये कचऱ्याच्या गाडीवर काम करणारा बाप. जेम्स अर्ल जोन्स यांनी तो उभा केला. मुलाच्या भूमिकेत होते येलमध्ये शिकत असतानाच निवडले गेलेले व्हान्स. सॅन फ्रान्सिस्कोतील प्रयोगांच्या वेळी निर्मातीला नाटकाचा शेवट बदलून हवा होता. लेखक आणि दिग्दर्शक दोघेही बधले नाहीत. नाटकाला पुलित्झर पारितोषिक आणि सर्वोत्कृष्ट नाटकाचा टोनी पुरस्कार मिळाला. जोन्स, ट्रॉयच्या पत्नीच्या भूमिकेतील मेरी ॲलिस आणि रिचर्ड्स यांनाही टोनी मिळाले. संगीतेतर नाटकाच्या दिग्दर्शनासाठी हा पुरस्कार मिळवणारे रिचर्ड्स हे पहिले कृष्णवर्णीय. ‘फेन्सेस’चे ब्रॉडवेवर ५२५ प्रयोग झाले.

या नाटकांनी एक नवा मार्ग रूढ केला. येलला पहिला प्रयोग झाला की नाटक बॉस्टन, शिकागो, सिअ‍ॅटल, सॅन डिएगो अशा शहरांतील ना-नफा नाट्यसंस्थांत क्रमाने जाई. प्रत्येक मुक्कामी विल्सन संहितेत काटछाट करत आणि रिचर्ड्स पुन्हा तालमी घेत. ‘द पियानो लेसन’ १९८७ मध्ये येलला झाले आणि ब्रॉडवेवर पोहोचले १९९० मध्ये. पूर्वजांचे चेहरे कोरलेला घरातला पियानो विकायचा की ठेवायचा, यावर भाऊबहिणीचे भांडण. त्याचा शेवट काही केल्या जुळेना. सुरुवातीच्या प्रयोगांत निवाडा मोघमच राहिला होता. न्यूयॉर्कपर्यंत येताना बहीण पियानो वाजवते हा शेवट पक्का झाला. येलला भावाची भूमिका सॅम्युएल जॅक्सन यांनी केली होती, ब्रॉडवेवर ती डटन यांच्याकडे आली. या नाटकाने विल्सन यांना दुसरे पुलित्झर मिळवून दिले.

या मार्गावर टीकाही झाली. येलमधील रिचर्ड्स यांचे पूर्वसूरी, समीक्षक रॉबर्ट ब्रुस्टाइन यांचा आक्षेप असा की, स्वतंत्र बाण्याने उभ्या राहिलेल्या प्रादेशिक नाट्यसंस्था यामुळे ब्रॉडवेच्या रंगीत तालमीच्या जागा बनतात आणि गावोगावी एकच माल दिसू लागतो. आक्षेप अगदीच निराधार नव्हता. मात्र कसलेल्या नाटककारालाही ब्रॉडवेवर दोन-तीन आठवड्यांत निकाल ऐकावा लागत असताना विल्सन यांना प्रत्येक नाटकासाठी दोन-दोन वर्षे मिळाली, ती याच व्यवस्थेमुळे.

दिग्दर्शक म्हणून रिचर्ड्स शांत आणि मितभाषी होते. पहिले काही दिवस मंडळी टेबलाभोवती बसून संहिता वाचत. हालचाली नंतर बसवल्या जात. नटाला काय करायचे ते सांगण्याऐवजी ते प्रश्न विचारत, आणि सूचना द्यायचीच झाली तर बाजूला घेऊन हळू आवाजात देत. ध्यानात राहणारी दृश्यरचना किंवा अंगचमत्कृती ही त्यांची ओळख नव्हती. प्रयोग पाहताना दिग्दर्शक जाणवत नाही, अशी तक्रार काहींनी केली. लेखकांना मात्र नेमके तेच हवे असे. ‘सेव्हन गिटार्स’नंतर विल्सन यांनी इतर दिग्दर्शकांबरोबर काम सुरू केले आणि हे पर्व संपले. त्याआधी १९९५ मध्ये दूरचित्रवाणीसाठी केलेला ‘द पियानो लेसन’ हा चित्रपट दोघांचा एकत्रित ठेवा म्हणून उरला आहे.

१९९० मध्ये अमेरिकन रंगभूमीच्या मानकऱ्यांत त्यांचा समावेश झाला आणि १९९३ मध्ये त्यांना राष्ट्रीय कलापदक मिळाले. पत्नी बार्बरा डेव्हनपोर्ट नर्तकी होत्या. दोन मुलांपैकी टॉमस रिचर्ड्स हे पोलिश दिग्दर्शक येझी ग्रोटोव्स्की यांचे अखेरच्या काळातील निकटचे सहकारी. इटलीतील पोंतेदेरा येथील ग्रोटोव्स्कींच्या कार्यकेंद्राला पुढे दोघांचेही नाव दिले गेले.

ऑक्टोबर २००५ मध्ये विल्सन गेले. पुढच्या वर्षी २९ जून रोजी, आपल्या ८७ व्या वाढदिवशी, रिचर्ड्स यांचे न्यूयॉर्कमध्ये निधन झाले. त्यांनी घडवलेली दोन नाटके, ‘अ रेझिन इन द सन’ आणि ‘फेन्सेस’, आज अमेरिकेतील शाळा-महाविद्यालयांत नेमलेली असतात आणि ब्रॉडवेवर पुन्हा उभी राहिली आहेत.