दुर्गा खोटे

दुर्गा खोटे (१४ जानेवारी, इ.स. १९०५ – २२ सप्टेंबर, इ.स. १९९१) या मराठी व हिंदी चित्रपटांतील तसेच मराठी रंगभूमीवरील अभिनेत्री आणि चित्रपटनिर्मात्या होत्या. सुमारे पाच दशकांच्या कारकिर्दीत त्यांनी जवळजवळ २०० चित्रपटांत भूमिका केल्या. कलावंतांनी एकाच चित्रपटसंस्थेत मासिक वेतनावर काम करण्याची रीत असलेल्या काळात निरनिराळ्या संस्थांत स्वतंत्रपणे काम करणाऱ्या पहिल्या काही कलावंतांत त्यांची गणना होते.

पूर्वायुष्य

त्यांचा जन्म मुंबईत, मूळच्या गोव्याकडील लाड कुटुंबात झाला. माहेरचे नाव विटा. कॅथीड्रल हायस्कूल व सेंट झेवियर्स महाविद्यालय येथे त्यांचे शिक्षण झाले. विश्वनाथ खोटे यांच्याशी त्यांचा विवाह झाला. बकुल व हरिन हे त्यांचे पुत्र. अभिनेत्री शुभा खोटे व अभिनेते विजू खोटे ही त्यांच्या दिरांची मुले होत.

चित्रपटांत प्रवेश

घरच्या आर्थिक अडचणींमुळे, दोन लहान मुलांची आई असताना त्यांनी अर्थार्जनासाठी चित्रपटाचा मार्ग धरला. 'फरेबी जाल' (१९३१) या पहिल्या चित्रपटात त्यांची भूमिका अगदी छोटी होती. परंतु चित्रपटाच्या हीन अभिरुचीमुळे त्यांना व कुटुंबीयांना लोकनिंदा सोसावी लागली. कुलीन मानल्या जाणाऱ्या घरांतील स्त्रियांनी चित्रपटांत काम करणे त्या काळी कमीपणाचे समजले जाई. दादासाहेब फाळके यांच्या 'राजा हरिश्चंद्र' (१९१३) या मूकपटात तारामतीची भूमिका अण्णा साळुंके या पुरुष नटाने केली होती, ती याच कारणाने.

एकोणीस वर्षांनी तीच तारामती दुर्गा खोटे यांनी साकारली. प्रभात फिल्म कंपनीचा, व्ही. शांताराम दिग्दर्शित 'अयोध्येचा राजा' (१९३२) हा पहिला मराठी बोलपट होय. त्याच्या मराठी व हिंदी अशा दोन्ही आवृत्त्यांना यश मिळाले आणि सुशिक्षित घरांतील मुलींना या क्षेत्राची वाट मोकळी होण्यास मदत झाली.

स्वतंत्र कारकीर्द

प्रभातमध्ये 'माया मच्छिंद्र' (१९३२) व 'अमरज्योती' (१९३६) हे महत्त्वाचे चित्रपट करीत असतानाच त्यांनी अन्य संस्थांतही काम केले. कोलकात्यात देवकी बोस यांच्या दिग्दर्शनाखाली त्यांनी न्यू थिएटर्सचा 'राजरानी मीरा' (१९३३) व ईस्ट इंडिया फिल्म कंपनीचा 'सीता' (१९३४) हे चित्रपट केले. 'अमरज्योती'तील सौदामिनी ही अन्यायाविरुद्ध बंड करून उठलेली सागरी चाच्यांची राणी त्यांच्या विशेष गाजलेल्या भूमिकांपैकी एक आहे.

'पायाची दासी' (१९४१), 'भरत मिलाप' (१९४२) व 'पृथ्वीवल्लभ' (१९४३) हे त्यांचे पुढील उल्लेखनीय चित्रपट. उत्तरकाळात त्यांनी चरित्र भूमिका केल्या; 'मुघल-ए-आझम' (१९६०) मधील जोधाबाई त्यांत सर्वपरिचित आहे. 'द हाउसहोल्डर' (१९६३), 'बॉबी' (१९७३) व 'अभिमान' (१९७३) या चित्रपटांतही त्यांनी काम केले.

निर्मिती

१९३७ साली त्यांनी 'साथी' या चित्रपटाची निर्मिती केली. भारतात चित्रपटनिर्मितीची जबाबदारी उचलणाऱ्या आरंभीच्या स्त्रियांत त्यांचा समावेश होतो. पुढे 'फॅक्ट फिल्म्स' व नंतर 'दुर्गा खोटे प्रॉडक्शन्स' या संस्थांमार्फत त्यांनी लघुपट, माहितीपट व जाहिरातपट तयार केले. नायिकेच्या भूमिका वयाबरोबर संपतात. निर्मितीमुळे मात्र त्यांना या व्यवसायात उतारवयातही स्वतःचे स्थान राखता आले. आर. के. लक्ष्मण यांच्या व्यक्तिरेखांवर आधारलेली, कुंदन शाह दिग्दर्शित 'वागले की दुनिया' (१९८८) ही दूरदर्शनवरील लोकप्रिय मालिका दुर्गा खोटे प्रॉडक्शन्सचीच निर्मिती होय.

रंगभूमी व लेखन

मुंबई मराठी साहित्य संघाच्या नाट्यप्रयोगांत त्यांचा सहभाग होता. 'भाऊबंदकी'तील आनंदीबाई, तसेच शेक्सपियरच्या 'मॅक्बेथ'वरून वि. वा. शिरवाडकर यांनी लिहिलेल्या 'राजमुकुट'मधील भूमिका गाजल्या. 'मी, दुर्गा खोटे' हे त्यांचे आत्मचरित्र असून शांता गोखले यांनी त्याचा इंग्रजीत अनुवाद केला आहे.

पुरस्कार व सन्मान

• संगीत नाटक अकादमी पुरस्कार (१९५८)
• पद्मश्री (१९६८)
• 'बिदाई' (१९७४) या चित्रपटासाठी सर्वोत्कृष्ट साहाय्यक अभिनेत्रीचा फिल्मफेअर पुरस्कार
• दादासाहेब फाळके पुरस्कार (१९८३)
• भारतीय चित्रपटसृष्टीच्या शताब्दीनिमित्त भारतीय टपाल खात्याचे तिकीट (२०१३)