अकबर बादशहाचे चित्ते

आमच्याकडे बिबट्या दिसला की लोक आजही 'चित्ता आला' म्हणतात. इथल्या रानातला खरा चित्ता पाहिलेलं कुणी आता भेटत नाही, म्हणून ही गल्लत खपून जाते.

मोगल दरबारात ती खपली नसती. अबुल फजलने 'आईन-ए-अकबरी'त चित्त्यांवर सविस्तर लिहिलंय. खड्ड्यात कसे धरायचे, कोणाला रोज किती मांस द्यायचं, सगळं. पूर्वी चित्ता शिकवायला दोन-तीन महिने लागत. अकबराने ते काम १८ दिवसांवर आणलं. समंद माणिक हा तर इतका लाडका की त्याला चौडोलातून नेत आणि पुढे नगारा वाजे.

मोगलांना सरसकट जुलमी ठरवणाऱ्यांना मी हा किस्सा हौसेनं ऐकवायचो. मग जहांगीरच्या आठवणी वाचल्या. तो लिहितो, वडिलांनी एकेकाळी हजार चित्ते जमवले, जोड्या जमाव्यात म्हणून बागेत मोकळेही सोडले, पण जमलं नाही. १६१३ च्या सुमारास एका नराने साखळी तोडून मादी गाठली आणि तीन पिल्लं झाली. कैदेतल्या चित्त्यांना पिल्लं झाल्याची त्यानंतरची नोंद थेट १९५६ ची, तीही अमेरिकेतल्या फिलाडेल्फियाच्या प्राणिसंग्रहालयातली!

इथे माझा अभिमान जरा ओसरला. आईकडून शिकार शिकलेला, वाढलेला चित्ताच कामाचा, म्हणून तो रानातूनच धरायचा. दरबारात आला तो रानातून कायमचा वजा झाला. लाड खरे होते, पण त्या जनावराच्या बाजूने पाहिलं तर सापळा आणि चौडोल यांत फरक काय?

दोष एकट्या मोगलांचा नाही. इंग्रजांनी चित्ता मारणाऱ्याला बक्षिसं दिली, गवताळ माळ नांगराखाली गेले. आपल्या कोल्हापूर संस्थानाला तर विसाव्या शतकात शिकारीसाठी आफ्रिकेतून चित्ते आणावे लागले. १९४७ मध्ये कोरिया संस्थानच्या महाराजांनी मारलेले तीन चित्ते देशातले शेवटचे मानले जातात. १९५२ मध्ये सरकारने चित्ता नामशेष झाल्याचं जाहीर केलं.

सप्टेंबर २०२२ मध्ये नामिबियातून आठ चित्ते मध्य प्रदेशातल्या कुनोत आले. पुढच्या मार्चमध्ये त्यांतल्या एका मादीला चार पिल्लं झाली. मे महिन्याच्या उन्हात तीन गेली. उरलेलं एक माणसांनी वाढवलं, म्हणजे अकबराच्या पारध्यांनी बिनकामाचं ठरवलं असतं, नेमकं तसं.