रायीतली साल आणि राज्याची सीमा

गोव्यात जुने लाकूड कुठे टिकले, याचे उत्तर पावसात आणि मातीत थोडेच सापडते. ते बरेचसे राज्यांच्या जुन्या सीमेत आहे, असे माझे म्हणणे. तिसवाडी, बारदेश, सासष्टीत सोळाव्या शतकात पोर्तुगीज अमलाखाली देवळे पाडली गेली आणि देवस्थानांच्या जमिनी चर्चकडे गेल्या. दिवाडीचा देव सप्तकोटेश्वर नदीपलीकडे, पोर्तुगीज हद्दीबाहेर, डिचोलीतल्या नार्व्याला गेला. तिथल्या देवळाचा जीर्णोद्धार शिवाजी महाराजांनी 1668 मध्ये करवला. पेडणे तर सावंतवाडीकर भोसल्यांकडून पोर्तुगिजांना मिळाले तेच 1788 मध्ये, आणि तोवर देवळे मोडण्याचा जोर ओसरला होता. त्यामुळे पेडणे-डिचोलीकडच्या देवरायांचा धनी, म्हणजे राखणदार, जागेवरच राहिला. रायीतली वाळकी काटकीही घरी न्यायची नाही, हा त्याचा धाक. पडलेला खांड आहे तिथेच कुजायचा.

असल्या लाकडाचे रहिवासी म्हणजे शैवाक. बुरशी आणि शैवल यांचा हा संसार मुळांवाचून, पावसाच्या आणि हवेच्या पाण्यावर चालतो. सालीला चिकटून वाढणाऱ्या जाती वर्षाकाठी जेमतेम मिलिमीटरभर सरकतात, म्हणून त्यांच्यात रानाच्या जुनेपणाची खूण शोधता येते. ग्राफिस वंशाचे शैवाक पाहावे: राखाडी पापुद्र्यावर काळ्या, आखूड, वळणदार रेघा, कुणी मोडीत घाईने काही खरडल्यासारख्या. पश्चिम घाटातल्या याच्या कुळावर पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेत फार बारकाईने काम झाले आहे.

यावर कुणी म्हणेल, ग्राफिस तर कुळागरातल्या पोफळीवरही दिसतो, मग त्यात जुनेपणाची खूण कसली? खरे आहे, एकटा ग्राफिस काहीच सिद्ध करत नाही. पण फ्रान्सिस रोझ या शैवाकांच्या अभ्यासकाने 1976 मध्ये इंग्लंडातल्या रानांचे जुनेपण ओळखण्यासाठी सूची केली ती एका जातीवर नव्हे, तर एकत्र नांदणाऱ्या अनेक जातींवर. त्याची यादी इथे चालणार नाही, त्याची रीत चालेल. दुसरा आक्षेप अधिक वजनाचा आहे: जुन्या काबिजादीत, म्हणजे तिसवाडी, बारदेश, सासष्टीत, रान गेले ते दाट वस्तीमुळे आणि शेतीमुळे, धर्मकारणामुळे नव्हे. यात तथ्य आहेच. पण पेडण्याचाही मोठा भाग किनाऱ्याचा आणि भातशेतीचाच. शेताच्या कडेला एखादा तुकडा कुऱ्हाडीपासून वाचतो तेव्हा त्याचे कारण शेतीच्या हिशेबाबाहेरच शोधावे लागते.

राखणदाराचा धाक मात्र गावापुरता होता. डिचोलीच्या डोंगरांवर खनिजाचे पट्टे पडले ते गावाबाहेरच्या कागदांवर. सर्वोच्च न्यायालयाने ऑक्टोबर 2012 मध्ये खाणी थांबवल्या, तोवर ट्रकांची तांबडी धूळ वर्षानुवर्षे पानांवर आणि सालींवर बसत होती. पेडण्यात मोपाच्या पठारावर विमानतळासाठी हजारो झाडे गेली. गोव्याचा 1984 चा वृक्षसंरक्षण कायदा तोडलेल्या झाडाच्या बदल्यात रोप लावायला सांगतो. रोपाला जुनी साल नसते आणि कुजके खोडही नसते, आणि भरपाईच्या हिशेबात या दोहोंसाठी रकानाच नाही.