सावकारी पाश आणि आमचा फास

१९२५ साली कोल्हापुरात एक मूकपट निघाला, ‘सावकारी पाश’. एका शेतकऱ्याची जमीन सावकार गिळतो आणि तो गडी शहरात येऊन गिरणीत कामाला लागतो, एवढीच गोष्ट. लिहिणारे नारायण हरी आपटे. शेतकरी झाला होता व्ही. शांताराम.

दोस्तांनो, मी सूतगिरणीत रिंगफ्रेमवर तुटलेले धागे जोडतो. रात्रपाळीला हा गडी मला आठवतो, न बघताच. बघायची सोयच नाही. त्या मूकपटाची प्रत उरलेली नाही.

काढणारा बाबूराव पेंटर. मूळ आडनाव मिस्त्री, घर कारागिराचं. चित्रकला कुठल्या कॉलेजात शिकला नाही. भाऊ आनंदराव आणि तो नाटक कंपन्यांचे पडदे रंगवायचे. फाळक्यांचं बघून सिनेमाचं वेड लागलं, पण विलायती कॅमेऱ्याला पैसा कुठला? आपणच करू म्हणाले! आनंदराव १९१६ साली वारले. बाबूरावांनी दामल्यांना हाताशी धरलं, १९१८ साली कॅमेरा पुरा केला. १९२० साली ‘सैरंध्री’ आला. चित्रण करायच्या आधी हा माणूस वेष, माणसं, हालचाली कागदावर काढून बघायचा. आणि जन्मभर पडदे रंगवलेल्या ह्याच माणसानं रंगवलेले पडदे हटवून खरे सेट उभे केले. ‘सिंहगड’ला, १९२३ साली, दिव्यांच्या उजेडात चित्रण केलं.

‘सावकारी पाश’मध्ये मात्र देव नाही, राजा नाही. एक शेतकरी आणि सावकार. भकास झोपडी आणि रडणारं कुत्रं ह्यांची जी आठवण जे. बी. एच. वाडियांनी सांगून ठेवली आहे, ती नंतरच्या बोलपटाची. त्याच साली तिकडं रशियात आयझेनस्टाइन ‘पोटेमकिन’ काढत होता. आपल्याकडं लोकांना पुराण पाहिजे होतं. हा चालला नाही. १९३६ साली बाबूरावांनी तोच पुन्हा बोलपट म्हणून काढला, म्हंजे विषय डोक्यातून गेला नव्हता.

आता माझं भांडण. त्या शेतकऱ्याकडं जायला जमीन तरी होती. धाराशिव जिल्ह्यात, कळंबकडच्या आमच्या गावात, पणज्याकडं गहाण टाकायला काय होतं? त्यानं स्वतःलाच टाकलं. सालगडी. पोतंभर ज्वारी उचलली, ती फिटली कधी कुणालाच ठाऊक नाही. कागद नाही, अंगठा नाही. हिशेब मालकाच्या डोक्यात.

१९४१ च्या फेब्रुवारीत बाबासाहेब कसबे तडवळ्याला आले, महार-मांग वतनदार परिषदेला. वतन म्हंजे नावाला जमीन आणि गळ्यात गावकीचा दोर. सावकाराच्या पाशाहून हा फास जुना, आणि तो फेडून सुटत नाही. पणजा तिथं चालत गेला होता, मालकाला न विचारता. आल्यावर दोन दिवस कामावर घेतला नाही. असं आजी सांगते. ती त्याची सून, तिनं त्याच्याच तोंडून ऐकलेलं.

ह्याचं चित्र कुणी काढलं नाही. परवा सुट्टीला गेलो तेव्हा मोबाइल घेऊन आजीपुढं बसलो. ती म्हणाली, ‘आधी दिवा लाव बाबा, अंधारात काय दिसंल?’