जामीन, मुचलका आणि संरक्षण

घरच्या कलहात कोणाच्या जिवास भय उत्पन्न झाले म्हणजे राजसत्तेने कोणास बांधून घ्यावयाचे, भय घालणाऱ्यास की भय पावलेल्यास, या प्रश्नाचा इतिहास मराठी न्यायव्यवहाराच्या परिभाषेत चांगला टिकून राहिला आहे. मराठेशाहीत वतनाची भाऊबंदकी गोतापुढे आली, की निवाड्यापूर्वी उभय पक्षांकडून राजीनामा व जामीनकतबा लिहून घेत. हाजीरजामीन माणूस हजर करण्याची हमी घेई, मालजामीन पैशाची, तर फेलजामीन वर्तनाची. (येथील 'फेल' अरबी, म्हणजे 'कृत्य', परीक्षेतील 'फेल'शी त्याचे काही नाते नाही.) 'मुचलका' हा शब्द मूळचा तुर्की-मोंगली, फारसीमार्गे मराठीत आलेला. ज्याच्यापासून उपद्रवाची धास्ती, त्याने किंवा त्याच्या हमीदाराने स्वतःस बांधून घ्यावे, हाच या सर्व कागदांचा आशय होय.

ही कल्पना इंग्रजी अमदानीत लोपली नाही. १८९८ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १०७ अन्वये शांतताभंग करील अशी भीती असलेल्या इसमाकडून दंडाधिकाऱ्यास जास्तीत जास्त एक वर्षाचे बंधपत्र घेता येई. १९७३ च्या संहितेत कलमाचा क्रमांकही तोच राहिला. १ जुलै २०२४ पासून ती तरतूद नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १२६ मध्ये आहे.

'पोलीस संरक्षण' हा शब्दप्रयोग मात्र निराळ्या वळणाचा आहे. येथे अर्ज करावयाचा तो भ्यालेल्याने, आणि पहारा बसावयाचा तोही त्याच्याच भोवती. प्रतिपक्षाने काही लिहून द्यावे असे नाही. १९५० नंतर संविधानाच्या अनुच्छेद ३२ व २२६ खाली अशा याचिकांना वाट मिळाली. लता सिंह विरुद्ध उत्तर प्रदेश राज्य (२००६) या प्रकरणात सज्ञान स्त्रीने परजातीत केलेल्या विवाहावरून तिच्या भावांनी फिर्यादी गुदरल्या आणि पतीच्या आप्तांना तुरुंग पाहावा लागला. सर्वोच्च न्यायालयाने ते खटले रद्द करून दांपत्यास उपद्रव होऊ नये, असा आदेश पोलिसांना दिला.

अशा आदेशाचे बळ किती, हे पुढल्याच वर्षी हरियाणात दिसले. कैथल जिल्ह्यातील करोडा गावच्या सगोत्र विवाह केलेल्या जोडप्यास न्यायालयाने संरक्षण दिले होते. जून २००७ मध्ये सोबतचे पोलीस अर्ध्या वाटेवरून परतले. मुलीच्या नातलगांनी त्या दोघांना बसमधून उतरवून नेले व ठार केले. करनालच्या सत्र न्यायालयाने २०१० मध्ये नातलगांना दोषी ठरविले. पहारा उठला आणि त्याबरोबर संरक्षणही संपले, कारण दुसऱ्या बाजूस कोणीच बांधलेला नव्हता. शक्ति वाहिनी प्रकरणात (२०१८) सर्वोच्च न्यायालयाने जिल्ह्याजिल्ह्यांत विशेष कक्ष आणि सुरक्षित निवास यांविषयी निर्देश दिले. निवासाची मुदत प्रथम एक महिना, वाढवून फार तर एक वर्ष. उपाय मोठा आहे, परंतु तोही पहाऱ्याच्याच जातीचा. घर सोडावयाचे ते भ्यालेल्याने.

वस्तुतः दोन्ही धागे एकत्र आणणारे कलम करोड्याच्या घटनेपूर्वीच कायद्याच्या पुस्तकात आले होते. कौटुंबिक हिंसाचारापासून महिलांच्या संरक्षणाचा २००५ चा अधिनियम २६ ऑक्टोबर २००६ रोजी अमलात आला. त्याच्या कलम १९ नुसार निवासाचा आदेश देताना दंडाधिकारी उत्तरवादीकडून हिंसा न करण्याचे बंधपत्र, जामिनासह वा जामिनाविना, घेऊ शकतो आणि त्याच आदेशात नजीकच्या ठाण्याच्या अंमलदारास पीडितेचे संरक्षण करण्यास फर्मावू शकतो. फेलजामीन आणि पहारा असे एकाच कलमात शेजारी बसले! अधिनियमाच्या नावात मात्र 'संरक्षण' तेवढेच आहे, आणि अर्जदार बहुधा तेवढेच मागतात. बंधपत्राची पोटकलमे वाचणारा विरळा. शिवाय या अधिनियमाखाली दाद मागावयाची ती स्त्रीनेच. सासरच्या वा स्वतःच्या घरच्या माणसांचे भय असलेल्या पुरुषास अद्याप कलम १२६ तरी गाठावे लागते, नाही तर उच्च न्यायालय.