बागची, अमियकुमार

बागची, अमियकुमार : (१९३६ – २८ नोव्हेंबर २०२४). भांडवलशाहीच्या इतिहासाचे, विशेषतः वसाहतकालीन भारतातील उद्योग, गुंतवणूक आणि बँकव्यवसाय यांच्या इतिहासाचे अभ्यासक, बंगाली अर्थशास्त्रज्ञ. जन्म बंगालमधील मुर्शिदाबाद जिल्ह्यात. शिक्षण कोलकात्याचे प्रेसिडेन्सी कॉलेज व केंब्रिजचे ट्रिनिटी कॉलेज येथे. केंब्रिज विद्यापीठाची पीएच.डी. १९६३ मध्ये मिळाली. काही वर्षे तेथेच अध्यापन करून ते प्रेसिडेन्सीत परतले. १९७४ मध्ये कोलकात्याच्या सेंटर फॉर स्टडीज इन सोशल सायन्सेस या संस्थेत दाखल झाले आणि पुढे तिचे संचालक झाले. इन्स्टिट्यूट ऑफ डेव्हलपमेंट स्टडीज, कोलकाता या संस्थेचे ते संस्थापक-संचालक. जादवपूर विद्यापीठातील इंग्रजीच्या प्राध्यापक आणि स्त्री-अभ्यासाच्या अध्वर्यू जशोधरा बागची या त्यांच्या पत्नी.

बागचींनी लिहायला सुरुवात केली तेव्हा भारताच्या मागासलेपणाचे एक ठरावीक स्पष्टीकरण परदेशी विद्यापीठांत प्रचलित होते. भारतीय माणसात उद्यमशीलता नाही, जातिव्यवस्था व एकत्र कुटुंब यांमुळे भांडवल साचत नाही, साचले तरी ते सोन्यात आणि जमिनीत अडकते, असे ते स्पष्टीकरण. दादाभाई नवरोजी व न्यायमूर्ती रानडे यांनी एकोणिसाव्या शतकातच परकीय सत्तेच्या आर्थिक धोरणाकडे बोट दाखवले होते. परंतु त्यांचा युक्तिवाद राजकीय तक्रार म्हणून बाजूला सारला जाई. बागचींनी हाच वाद कंपन्यांचे ताळेबंद, आयात-निर्यातीचे आकडे, जकातीचे दर आणि सरकारी अहवाल यांच्या आधारे नव्याने उभा केला.

प्रायव्हेट इन्व्हेस्टमेंट इन इंडिया, १९००–१९३९ (१९७२) हा त्यांचा पायाभूत ग्रंथ. पहिल्या महायुद्धापूर्वी भारतात कारखाने कमी निघाले, याचे मुख्य कारण भांडवलाचा तुटवडा किंवा साहसाचा अभाव हे नसून मालाला मागणी नसणे हे होते, असे त्यात प्रतिपादन आहे. शेतकऱ्याच्या हाती पैसा नव्हता आणि जी बाजारपेठ होती ती खुल्या व्यापाराच्या नावाखाली ब्रिटिश मालाला मोकळी होती. कापडाचे उदाहरण बोलके आहे. १८९६ मध्ये आयात कापडावर साडेतीन टक्के जकात ठेवताना लँकेशायरच्या गिरणीमालकांचे समाधान व्हावे म्हणून देशी गिरण्यांच्या कापडावरही तेवढाच अबकारी कर बसवण्यात आला. मुंबईच्या गिरण्यांना घरच्याच बाजारात हा बोजा जवळजवळ तीस वर्षे वाहावा लागला. १९२० च्या दशकात निवडक उद्योगांना संरक्षण मिळू लागताच चित्र पालटले. साखरेला १९३२ मध्ये संरक्षण मिळाले तेव्हा देशात आधुनिक साखर कारखाने तिसाच्या आसपास होते. पाच-सहा वर्षांत ते सव्वाशेच्या वर गेले. माणसे तीच होती, जाती त्याच होत्या आणि कुटुंबपद्धतीही तीच होती. बदलले होते ते सरकारी धोरण.

त्याच काळातील त्यांच्या लेखनात मराठी वाचकाला विशेष जवळचा वाटेल असा एक विषय आहे : कोलकात्यात उद्योग गोऱ्या पेढ्यांच्या हाती आणि मुंबईत ते देशी लोकांच्या हाती, हे कसे झाले? हुगळीकाठच्या तागाच्या गिरण्या, कोळशाच्या खाणी, चहाचे मळे यांवर युरोपीय मॅनेजिंग एजन्सींचे राज्य होते. बँका, रेल्वे, व्यापारी मंडळे आणि सरकारी कचेऱ्या यांतील गोरे एकमेकांना सांभाळून घेत आणि देशी व्यापाऱ्याला त्या वर्तुळात शिरकाव नसे. मुंबईतही वर्णभेद होताच, पण तेथे देशी भांडवलाची मुळे आधीच घट्ट झालेली होती. पेशवाईचा पाडाव १८१८ मध्ये झाला, म्हणजे प्लासीच्या लढाईनंतर ६१ वर्षांनी. तोवर पारशी, गुजराती आणि इतर व्यापाऱ्यांनी कापसाच्या व चीनकडे जाणाऱ्या अफूच्या व्यापारात हातपाय पसरले होते. पुढे त्यातूनच गिरण्यांना भांडवल मिळाले. मुंबईकर व्यापाऱ्याच्या अंगभूत हुशारीचे गोडवे गाण्यापेक्षा हे स्पष्टीकरण अधिक समाधानकारक आहे, कारण बंगाली व्यापारी मागे का पडला याचाही उलगडा त्यातून होतो.

सर्वांत मोठा वाद झाला तो निरुद्योगीकरणासंबंधी, म्हणजे देशी हस्तोद्योग मोडून पडण्यासंबंधी. फ्रान्सिस ब्यूकॅनन या स्कॉटिश डॉक्टरने एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी कंपनी सरकारसाठी बंगाल-बिहारच्या जिल्ह्यांची पाहणी केली होती. कोणत्या जिल्ह्यात किती विणकर, सूत कातणाऱ्या बायका किती, त्यांची वर्षाची कमाई किती, अशा बारीक नोंदी तीत आहेत. बागचींनी गंगेकाठच्या बिहारमधील या नोंदी १९०१ च्या जनगणनेशी ताडून पाहिल्या. उद्योगावर पोट असणाऱ्यांचे लोकसंख्येतील प्रमाण १८.६ टक्क्यांवरून ८.५ टक्क्यांवर आले, असा त्यांचा निष्कर्ष निघाला (१९७६). यात सर्वांत मोठा फटका सूतकताईला बसला होता. घरबसल्या चरख्यावर चार पैसे मिळवणाऱ्या स्त्रियांचे उत्पन्न यंत्राच्या सुताने बुडाले आणि त्यांना दुसरे काम देणारा कारखाना जवळपास कोठेही निघाला नाही. इंग्लंडमध्येही हातमाग मोडले, पण तेथे त्याच देशात गिरण्या उभ्या राहिल्या. हा फरक बागचींनी ठळकपणे मांडला.

मारिका विक्झियानी यांनी १९७९ मध्ये या पद्धतीवर कडक टीका केली. ब्यूकॅननचे आकडे स्थानिक माहीतगारांच्या सांगण्यावर बेतलेले असल्याने त्यांची जनगणनेशी तुलना करता येत नाही, असा तिचा रोख होता. बागचींनी तिला उत्तरही दिले. हातमाग नाहीसे झाले नाहीत, ते बदलून टिकले, याकडे तीर्थंकर रॉय यांनी पुढे लक्ष वेधले. टक्केवारीच्या अचूकतेबद्दल शंका घेण्यास जागा आहे. मात्र कताईचे काम गेले आणि त्याची भरपाई झाली नाही, हा मुद्दा टीकेनंतरही उभा राहतो.

स्टेट बँकेचा इतिहास हे त्यांचे सर्वांत चिकाटीचे काम. १८०६ च्या बँक ऑफ कलकत्तापासून सुरू होणारा हा इतिहास अनेक भागांत असून त्याचा पहिला भाग १९८७ मध्ये निघाला. संस्थेने करवून घेतलेले इतिहास बहुधा गौरवग्रंथ होतात. हा तसा झालेला नाही. १८४० मध्ये निघालेल्या बँक ऑफ बॉम्बेची हकीकत त्या दृष्टीने वाचण्यासारखी आहे. अमेरिकेतील यादवी युद्धामुळे कापसाचे भाव कडाडले, मुंबईत पैशाचा पूर आला, बॅक बे भरावासारख्या कंपन्यांच्या शेअरांवर सट्टा सुरू झाला आणि शेअर तारण ठेवून बँकेने हात सैल सोडून कर्जे दिली. १८६५ मध्ये युद्ध संपताच भाव कोसळले. १८६८ मध्ये बँक गुंडाळावी लागली आणि त्याच वर्षी त्याच नावाची नवी बँक उभी करण्यात आली. तिन्ही इलाख्यांच्या बँका १९२१ मध्ये एकत्र होऊन इंपीरियल बँक झाली आणि १९५५ मध्ये तिची स्टेट बँक झाली. देशी सराफ आणि शेतकरी यांना या बँकांच्या दारात कितपत जागा होती, हा प्रश्न बागची विचारत राहतात.

द पोलिटिकल इकॉनॉमी ऑफ अंडरडेव्हलपमेंट (१९८२) या ग्रंथात त्यांनी लॅटिन अमेरिका, इंडोनेशिया, चीन व भारत यांना एका चौकटीत आणले. पेरिलस पॅसेज (२००५) हा त्यांचा सर्वांत व्यापक ग्रंथ. भांडवलशाहीचा इतिहास उत्पन्नवाढीच्या आकड्यांत न मोजता माणसे किती वर्षे जगली, काय खात होती, किती मुले वाचली आणि किती जणांना अक्षरओळख झाली, यावर मोजावा, असा त्यांचा आग्रह. या मापाने पाहता अठराव्या शतकापर्यंतचा युरोप चीनच्या फार पुढे नव्हता. त्याची आघाडी राज्याराज्यांतील सशस्त्र स्पर्धा, गुलामांचा व्यापार आणि वसाहतींची लूट यांच्याशी जोडलेली होती, असे ते दाखवतात. ग्रंथाचा पसारा एवढा मोठा आहे की काही प्रदेशांचे विवेचन धावते झाले आहे. तरीही मोजमापाचे हे परिमाण हीच बागचींची सर्वांत मोलाची देणगी होय.

ते मार्क्सवादी होते आणि ते त्यांनी कधी लपवले नाही. पश्चिम बंगालच्या राज्य नियोजन मंडळाचे उपाध्यक्षपदही त्यांनी सांभाळले. मुंबईहून निघणाऱ्या इकॉनॉमिक अँड पोलिटिकल वीकली या साप्ताहिकात त्यांनी वेळोवेळी लेखन केले. २००५ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली.

मुंबईच्या गिरण्यांचा आणि साखरधंद्याचा पूर्वेतिहास ज्यांना समजून घ्यायचा आहे, त्यांनी खासगी गुंतवणुकीवरील ग्रंथातील कापड व साखर यांवरची प्रकरणे आधी वाचावीत.